‘इथे राजकारण नको’ हे मला पटत नाही

निवडणूक जवळ आली की आमच्या सोसायटीत कुणीतरी हमखास म्हणतं, ‘इथे राजकारण नको.’ ज्याला आपल्या पक्षाबद्दल मनापासून वाटतं, त्याला तोंड मिटून बस म्हणायचं, हे मला अपमानाचं वाटतं. शिवाय गप्प बसल्याने दुरावा कमी होत नाही, तो फक्त दिसेनासा होतो.

नुसतं एकत्र बसवूनही भागत नाही. मुझफ्फर शेरीफ या मानसशास्त्रज्ञाने १९५४ साली अमेरिकेत ओक्लाहोमामध्ये शाळकरी मुलांचं शिबिर घेतलं होतं. दोन गट पाडले, स्पर्धा लावल्या, आणि मुलं एकमेकांचे झेंडे जाळू लागली. मग त्यांना एकत्र जेवायला बसवलं, तर तिथेही मारामारी. शिबिराचं पाणी बंद पडलं तेव्हा मात्र सगळी मिळून बिघाड शोधायला लागली. तेवढ्याने दोस्ती झाली नाही. अशी कामं एकामागून एक येत गेली तेव्हा कुठे तेढ ओसरली. अर्थात ते गट मोठ्यांनी पाडलेले होते. आपले मतभेद खरे आहेत, त्यांच्यामागे माणसांचं पोट आणि मान असतो.

त्याच वर्षी गॉर्डन ऑलपोर्ट या दुसऱ्या मानसशास्त्रज्ञाने लिहिलं की दोन गटांमधला पूर्वग्रह कमी व्हायला समान उद्दिष्ट लागतं, सहकार्य लागतं, वरच्यांचा पाठिंबा लागतो आणि बरोबरीचा दर्जाही लागतो. घोडं अडतं ते या शेवटच्या अटीपाशी. टाकीच्या गळतीचं काम निघालं तेव्हा दुसऱ्या मजल्यावरचे काका ठरवणार आणि त्यांच्या विरुद्ध पक्षाची, चौथ्या मजल्यावरची ताई फक्त सही करणार, असंच सगळ्यांनी गृहीत धरलं होतं. मी हटून बसले. कोटेशनं दोघांनी एकत्र उघडायची, नकाराचा अधिकार दोघांनाही. मग दोघं कडाडून भांडले, पण वॉटरप्रूफिंगच्या गॅरंटीवरून! पक्ष दोघांनीही बदललेला नाही, बदलावा अशी माझी अपेक्षाही नाही.

एका बाबतीत मी तडजोड करत नाही. कुणाला जातीवरून, धर्मावरून टाकून बोललं की तिथल्या तिथे थांबवते, बोलणारा माझ्या बाजूचा असला तरी.

आता लिफ्टचं काम निघालंय. समितीची नावं मी मुद्दाम दोन्हीकडची घेतली आहेत. तुम्ही पक्ष मोजून माणसं निवडता, अशी तक्रार आली. हो, मोजते.