गुंतवळ

आजी, म्हणजे आईची आई, केस विंचरून झाले की फणीतला गुंतवळ बोटाभोवती गुंडाळायची, त्यावर थू थू करायची आणि मगच टाकायची. केस कुणाच्या हाती लागले तर करणी करतात, हे तिचं ठाम मत. मला तेव्हा फार राग यायचा.

आता मी सांगलीत एका लॅबमध्ये पीसीआरवर, म्हणजे डीएनएच्या प्रती काढणाऱ्या मशीनवर, काम करते. हेदर ड्यूई-हॅगबोर्ग या अमेरिकन कलावतीच्या 'स्ट्रेंजर व्हिजन्स' या कलाकृतीबद्दल वाचल्यापासून आजी सारखी आठवतेय. हेदर थेरपिस्टकडे बसली होती. समोर भिंतीवर एक चित्र, त्याच्या काचेला तडा, तड्यात अडकलेला एक केस. कुणाचा असेल? हा प्रश्न तिला सोडेना. मग २०१२ मध्ये ती न्यूयॉर्कच्या रस्त्यांवरून सिगारेटची थोटकं, चघळून टाकलेलं च्युइंगम आणि केस गोळा करू लागली. ब्रुकलिनमधल्या जेनस्पेस या सगळ्यांना खुल्या असलेल्या प्रयोगशाळेत जाऊन डीएनए काढायला शिकली. त्यावरून बाई की पुरुष, पूर्वज कुठल्या भागातले, डोळे कुठल्या रंगाचे असे अंदाज बांधून संगणकावर चेहरा तयार केला आणि थ्रीडी प्रिंटरवर खऱ्या चेहऱ्याएवढा मुखवटा छापला. मुखवटा भिंतीवर, आणि सोबत एका पेटीत तेच थोटूक.

हे वाचताना माझे हात आपोआप त्या कामात गेले. ९५ अंशांना डीएनएचे दोन पदर सुटे होतात, साठच्या आसपास प्रायमर, म्हणजे नव्या पदराची सुरुवात करून देणारा छोटा तुकडा, चिकटतो, ७२ ला नवा पदर विणला जातो. अशा ३० फेऱ्या झाल्या की हिशेबाने एकाचे शंभर कोटींवर जातात. इवल्याशा थेंबात एवढं सगळं! मशीनचं झाकण गरम असतं, त्यावर हात ठेवला की मला अजूनही नवल वाटतं.

पण तो चेहरा त्या माणसाचा नसतो, हेही तितकंच खरं. डोळे घारे-निळे की तपकिरी, हे एचईआरसी२ नावाच्या जनुकातल्या डीएनएच्या एका अक्षरावरून बऱ्यापैकी कळतं. नाक, ओठ, गालांची ठेवण मात्र एवढ्याशा माहितीवरून सांगता येत नाही. हेदरनेच ते पुढे दाखवून दिलं, आणि म्हणून मला ती मोठी वाटते. अमेरिकी लष्कराची गुप्त कागदपत्रं फोडणारी चेल्सी मॅनिंग तुरुंगात असताना तिचे फोटो बाहेर येत नव्हते. तिने गालाच्या आतला स्वॅब आणि कापलेले केस टपालाने पाठवले. त्या एकाच डीएनएवरून हेदरने २०१७ मध्ये तीस वेगवेगळे चेहरे टांगले. तिसांतला कुठलाही चेल्सीचा असू शकतो.

हल्ली वापरलेले स्वॅब पिवळ्या पिशवीत टाकताना मी क्षणभर थांबते. प्रत्येक काडीवर कुणीतरी आहे.

आजीची शिंगाची फणी माझ्या कपाटात आहे. दातांत दोन पांढरे केस अडकलेत. परवा भिंगाखाली धरून पाहिले, मुळं नाहीत, नुसते दांडे. दांड्यात मिळतो तो मुख्यतः मायटोकॉन्ड्रियल डीएनए, म्हणजे पेशीतल्या ऊर्जाघरांतला डीएनए, जो आईकडूनच येतो. आजीकडून आईला, आईकडून मला. फणी तशीच ठेवून दिली.