किल्ली मिळेपर्यंत : कॅथेड्रलच्या ऑर्गनपर्यंत पोचण्याचा माझा अनुभव

इंग्लंडमधील कॅथेड्रलमध्ये, म्हणजे बिशपच्या मुख्य चर्चमध्ये, ऑर्गन वाजवण्याची नोकरी हवी असेल तर बाख या संगीतकाराच्या रचना, पायांनी वाजवायच्या पट्ट्या आणि स्तोत्रगायनाची साथ यांची कसून तयारी करावी लागते, असे मला अनेकांनी सांगितले होते आणि ते खरेच आहे. परंतु पुण्यातील भाड्याच्या खोलीचा पत्ता, दहावीच्या प्रमाणपत्रावरील नावाचा क्रम आणि लग्नानंतर बदललेले मधले नाव यांचीही तितकीच तयारी ठेवावी लागते, हे मला कोणीच सांगितले नव्हते. ज्यांना पुढेमागे या वाटेने जायचे आहे त्यांनी या तीन गोष्टी आधी वाचाव्यात. बाखचे मागाहून पाहता येईल.

अहिल्यानगरच्या चर्चमध्ये रेव्हरंड टिळकांच्या भजनांना पेटीची साथ करत मी मोठी झाले, पुण्यात पियानो शिकले आणि नवऱ्याच्या नोकरीमुळे इंग्लंडला आल्यावर गावातल्या चर्चमध्ये प्रथमच पाइप ऑर्गनवर बसले. आपल्या संगीत नाटकांना साथ करणाऱ्या ऑर्गनमध्ये पायाने भाता चालवायचा आणि हवेने धातूच्या पात्या कंप पावायच्या, असा प्रकार असे. कॅथेड्रलचा ऑर्गन म्हणजे हजारो नळ्यांचा संसार असतो. हातांसाठी बहुधा चार कीबोर्ड, पायांसाठी वेगळा, दोन्ही बाजूंना ओढायच्या खुंट्यांच्या रांगा, आणि सर्वांत मोठी नळी 32 फुटी असली तर तिचा खालचा षड्ज साधारण 16 हर्ट्झचा, म्हणजे कानांपेक्षा बसण्याच्या बाकातूनच अधिक जाणवणारा. सॉल्झबरीमध्ये हेन्री विलिस यांनी 1877 साली बांधलेला ऑर्गन आजही रोजच्या उपासनेत वाजतो. असे वाद्य घरी आणून रियाज करता येत नाही, ते जिथे आहे तिथेच जावे लागते, आणि तिथे जाण्यासाठी दाराची किल्ली हातात असावी लागते. माझे घोडे अडले ते या किल्लीपाशी.

निवडचाचणीविषयी फार लिहीत नाही, कारण ती सुरळीत पार पडली. दोन तयार रचना, एक भजन, एका स्तोत्राची साथ, समोर ठेवलेले संगीत पाहताक्षणी वाजवणे, तेच पट्टी बदलून वाजवणे आणि दिलेल्या चार सुरांवर आयत्या वेळी काहीतरी रचणे, एवढे सगळे एका सकाळी झाले. पेटीवर गायकाच्या गळ्याप्रमाणे काळी एक, पांढरी चार असे क्षणात सरकण्याची सवय लहानपणापासून होती, त्यामुळे ज्या भागाला इथली मुले सर्वाधिक घाबरतात तो मला सोपा गेला, हे सांगताना थोडा अभिमान वाटतो. ऑर्गन स्कॉलर या पदासाठी माझे नाव निश्चित झाले. हे पद तिसऱ्या क्रमांकाचे. संगीतप्रमुख बहुतेक वेळा क्वायरसमोर, म्हणजे गायकवृंदासमोर, उभे राहून संचालन करतात, त्यांचे साहाय्यक ऑर्गन वाजवतात आणि स्कॉलर या दोघांच्या हाताखाली शिकत शिकत हळूहळू उपासना वाजवू लागतो.

सप्टेंबरमध्ये सत्र सुरू झाले, आणि मला कळवण्यात आले की गुन्हेगारी नोंदींच्या तपासणीचे प्रमाणपत्र येईपर्यंत मला इमारतीची किल्ली मिळणार नाही आणि क्वायरमधील मुलांबरोबर एकटे थांबता येणार नाही. यातला दुसरा भाग रास्तच होता. इंग्लंडच्या चर्चमधील बाललैंगिक अत्याचारांची जी स्वतंत्र सार्वजनिक चौकशी झाली, तिच्या ऑक्टोबर 2020 च्या अहवालानुसार 1940 च्या दशकापासून 2018 पर्यंत चर्चशी संबंधित 390 व्यक्तींवर मुलांविरुद्धच्या लैंगिक गुन्ह्यांचे आरोप सिद्ध झाले होते. कॅथेड्रलच्या क्वायरमध्ये सात-आठ वर्षांची मुले रोज सकाळी शाळेआधी आणि संध्याकाळी उपासनेआधी तालमीला येतात. त्यांच्याजवळ वावरणाऱ्या प्रत्येकाची कसून तपासणी झालीच पाहिजे. माझी तक्रार त्या तपासणीविषयी नाही. ज्या मध्यस्थ कार्यालयामार्फत माझा अर्ज पुढे जायचा होता, त्या कार्यालयाविषयी आहे. त्याचे नाव लिहीत नाही.

किल्लीशिवाय काय अडते, हे बाहेरच्या माणसाच्या सहज लक्षात येत नाही. दिवसभर कॅथेड्रलमध्ये पर्यटक असतात, मार्गदर्शक असतात, दुपारची प्रार्थना असते, शाळांच्या सहली असतात, आणि अशा वेळी कोणी पायांच्या पट्ट्यांवरचा एकच कठीण तुकडा पुन्हा पुन्हा घोटत बसले तर दहा मिनिटांत तक्रार येते. म्हणून ऑर्गनवादकाचा खरा रियाज दरवाजे बंद झाल्यावर, रात्री होतो. मला मात्र रात्री आत राहायचे तर कोणीतरी जबाबदार कर्मचारी सोबत हवा, आणि त्या बिचाऱ्यांनी माझ्यासाठी रोज रात्री का थांबावे? ते कधीमधी थांबत, तेवढ्यावर मी भागवत असे.

आता अर्जाकडे वळते. इंग्लंडमध्ये ही तपासणी डीबीएस नावाची सरकारी यंत्रणा करते. तिच्याकडे अर्ज पोचला की त्याचे पाच टप्पे संगणकावर पाहता येतात, आणि चौथ्या टप्प्यात अर्जदार जिथे जिथे राहिला तिथल्या पोलिसांकडील नोंदी पाहिल्या जातात. माझा अर्ज पहिल्या टप्प्यापर्यंतच जाईना, कारण मध्यस्थ कार्यालयाने तो पुढे पाठवलाच नव्हता. मागील पाच वर्षांचे सर्व पत्ते, एकाही महिन्याची फट न ठेवता, द्यायचे असतात. माझा पुण्यातला पत्ता होता तो ‘मारुती मंदिरामागे, पिठाच्या गिरणीशेजारी, पहिला मजला’ असा. त्या कार्यालयाच्या स्वतःच्या फॉर्ममध्ये घरक्रमांकाचा रकाना सक्तीचा होता आणि आमच्या घरमालकांच्या वाड्याला क्रमांक होता तो सिटी सर्व्हेचा. तो घातला तर भाडेकरारावर तो नाही म्हणून अर्ज परत. नाही घातला तर रकाना रिकामा म्हणून परत. प्रत्येक वेळी उत्तर येई ते छापील, आणि खाली ओळ असे की पुढील उत्तरास दहा कामकाजाचे दिवस लागू शकतात.

पत्त्याचे कसेबसे निभावले, तर नावावर माशी शिंकली. दहावीच्या प्रमाणपत्रावर माझे नाव आडनाव आधी, मग माझे, मग वडिलांचे, असे आहे. पदवीवरही तेच. लग्नानंतर पासपोर्ट नव्याने काढला त्यावर आडनाव सासरचे, आणि नावाच्या रकान्यात माझ्या नावापुढे नवऱ्याचे नाव. बँकेच्या कागदावर नुसते आद्याक्षर आणि आडनाव. आपल्याकडे यात कोणाला काही विचित्र वाटत नाही. लग्न झालेल्या मुलीचे मधले नाव बदलते हे शाळेतल्या शिपायालाही ठाऊक असते. त्या कार्यालयाला मात्र विवाहाच्या दाखल्यावरून आडनाव का बदलले एवढेच पटत होते. मधले नाव का बदलले, आणि ते बदलल्याचा डीड पोल कुठे आहे, असे त्यांनी विचारले. डीड पोल म्हणजे नाव बदलल्याची इंग्लंडमधील कायदेशीर घोषणा. ती माझ्याकडे असण्याचे कारणच नव्हते. मी सविस्तर समजावून लिहिले, तेव्हा दुसऱ्याच अधिकाऱ्याचे उत्तर आले की दोन वेगवेगळ्या पुरुषांची नावे अर्जात दिसत असून त्यांच्याशी असलेले नाते स्पष्ट करावे. एक वडील, एक नवरा! दाखल्यावर दोघांचीही नावे स्पष्ट छापलेली होती.

या काळात मी ऑर्गनपाशी जात होतेच, पण पाने उलटायला. साहाय्यकांच्या डाव्या बाजूला उभे राहून योग्य ओळीला पान उलटायचे आणि खूण केली की खुंटी ओढायची. क्वायर खाली, आपण वर माडीवर, संचालकाचा हात दिसतो तो कॅमेऱ्याच्या छोट्या पडद्यावर. नळ्यांचा आवाज इमारतीत फिरून गायकांपर्यंत पोचायला वेळ लागतो, म्हणून कानाला जे ऐकू येते त्यावर विसंबायचे नाही. पडद्यावरचा हात पाहून थोडे पुढे राहायचे. कानाला जे मागे पडल्यासारखे वाटते ते खाली बरोबर ऐकू येत असते, यावर विश्वास बसायला मला बराच काळ लागला. स्तोत्रांची साथ मी तिथेच शिकले. प्रार्थनापुस्तकात 150 स्तोत्रे महिन्याच्या तीस दिवसांच्या सकाळ-संध्याकाळवर वाटून दिली आहेत, आणि पंधरा तारखेच्या संध्याकाळी 78 वे स्तोत्र येते, त्याची 73 कडवी. चाल दहा सुरांची, फार तर वीस, तीच पुन्हा पुन्हा. शब्द मात्र कधी तोकडे, कधी लांबलचक, आणि ते एकाच सुरावर बोलल्याच्या लयीत बसवायचे. गारा पडल्या की साहाय्यक वरच्या पट्टीत टिपटिप वाजवत, समुद्र दुभंगला की पायांखालून गडगडाट उठवत, आणि तरीही गायकांच्या वर आवाज जाऊ देत नसत. कीर्तनकाराच्या साथीला बसणाऱ्या पेटीवाल्याला हे लगेच समजेल.

घरी येऊन ईमेल उघडावा तर तोच प्रश्न, नातेसंबंध स्पष्ट करावेत. अशा वेळी मला थॉमस वील्क्स आठवत. चिचेस्टर कॅथेड्रलच्या या थोर ऑर्गनवादकाला 1617 साली दारूच्या नशेत राहतो म्हणून पदावरून काढले होते, आणि 1622 मध्ये पुन्हा घेतलेही. त्यांना मधल्या नावाबद्दल कोणी विचारल्याचे माझ्या वाचनात नाही.

शिवाय भारतातील पोलिसांचा दाखलाही मागितला होता, कारण डीबीएसला परदेशातील नोंदी सहसा पाहता येत नाहीत. तो इंग्लंडमधून अर्ज करून मिळतो, पण चौकशी जुन्या पत्त्यावर जाते. हवालदार वाड्यावर गेले, घरमालकांनी ‘ती मुलगी लग्न होऊन गेली’ एवढे सांगून दार लावले, आणि शेरा पडला की अर्जदार पत्त्यावर आढळली नाही. आढळणार कशी? शेवटी बाबांनी अहिल्यानगरहून पुण्याच्या पोलीस ठाण्यात खेटे घातले, घरमालकांना सोबत नेले आणि जबाब नोंदवून घेतला, तेव्हा तो कागद सुटला. तुमचे कोणी गावी असेल तर जुन्या घरमालकांना आधी फोन करून ठेवा. चौकशीला माणूस येणार आहे हे त्यांना माहीत असले तरी निम्मे काम होते.

मधल्या नावाची गाठ सुटली ती पासपोर्टच्या शेवटच्या पानाने. त्या कार्यालयाने प्रत मागितली होती ती फक्त फोटोच्या पानाची, आणि तीच मी प्रत्येक वेळी पाठवत होते. आपल्या पासपोर्टच्या शेवटच्या पानावर वडिलांचे नाव, आईचे नाव, जोडीदाराचे नाव, पत्ता आणि जुन्या पासपोर्टचा क्रमांक, हे सगळे एकाखाली एक छापलेले असते. संगीत विभागातील एका कर्मचारी बाईंनी माझा पासपोर्ट सहज चाळताना ते पाहिले. नव्या पासपोर्टचे शेवटचे पान, त्यावर ज्याचा क्रमांक आहे तो रद्द केलेला जुना पासपोर्ट आणि विवाहाचा दाखला या तिन्हींच्या प्रती एकत्र पाठवल्या, आणि जे कार्यालय सप्टेंबरपासून दोन पुरुषांचा हिशोब मागत होते त्यांनी एका ओळीत कळवले की अर्ज पुढे पाठवण्यात आला आहे. क्षमा वगैरे काही नाही.

डीबीएसचे पाचही टप्पे नंतर भराभर पार पडले, प्रमाणपत्र माझ्या पत्त्यावर टपालाने आले, आणि नाताळपूर्व आगमनकाळ सुरू होण्याच्या सुमारास किल्ली मिळाली. वर्षातला सर्वांत धावपळीचा काळ! एकामागून एक कॅरलसेवा, म्हणजे नाताळगीतांच्या उपासना, आणि 1880 साली ट्रूरोमध्ये जिची सुरुवात झाली ती बायबलमधील नऊ पाठांची उपासना नाताळच्या आदल्या संध्याकाळी. सप्टेंबर-ऑक्टोबरमध्ये जो रियाज व्हायला हवा होता तो मी डिसेंबरच्या थंडीत, दोन स्वेटर घालून, जेवण टाळून केला. त्याचा राग अजून गेलेला नाही.

आठवले म्हणून सांगते. पत्त्याच्या पुराव्यासाठी मोबाइलचे बिल चालत नाही. बँकेचे तीन महिन्यांच्या आतले किंवा कौन्सिल टॅक्सचे (आपल्या घरपट्टीसारखा तिथला स्थानिक कर) गेल्या बारा महिन्यांतले पत्रक ठेवा. प्रमाणपत्र निघाल्यावर तीस दिवसांच्या आत डीबीएसच्या अद्ययावत सेवेत नाव नोंदवा, म्हणजे दुसऱ्या कॅथेड्रलमध्ये तशाच कामासाठी गेलात तर बहुधा नव्याने अर्ज करावा लागत नाही. ही मुदत चुकली की सगळे पहिल्यापासून. आजवरची सर्व नावे, कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत आणि कोणत्या कागदावर, अशी एका पानावर लिहून ठेवा. चपला-बूट घालून पेडल वाजवता येत नाहीत, पातळ तळव्याचे वेगळे बूट लागतात, तेही नोकरी लागण्याआधीच घेऊन सवय करा.

सध्या मी रॉयल कॉलेज ऑफ ऑर्गनिस्ट्सच्या पुढच्या परीक्षेची तयारी करत आहे. तिचा अर्ज भरताना मधल्या नावाचा रकाना आला, तेव्हा पासपोर्टवर आहे तेच अक्षरन् अक्षर उतरवले, आणि कोणी मागितले नव्हते तरी शेवटच्या पानाची प्रत जोडून दिली.