तुम्ही विचारलंत म्हणून: परीक्षणाखालचा ‘पोत’

राज्य नाट्य स्पर्धेचे दिवस आले की सांगलीत भावे नाट्यमंदिराबाहेर, चहाच्या गाड्यावर, हा प्रश्न मला एकदा तरी येतोच. परीक्षणाखाली तुम्ही नुसतं ‘पोत’ असं का लिहिता? पूर्ण नाव का नाही? विचारणाऱ्यांनी बहुतेक वेळा उत्तरही सोबत आणलेलं असतं. एका प्राध्यापकांना वाटलं, नाटकाची वीण तपासते म्हणून कापडाचा पोत. गोंधळ घालणाऱ्या एका आजोबांना वाटलं, देवीपुढे पाजळतात तो पोत. एका मुलीनं स्वतःच्या आईच्या गळ्याकडे बोट दाखवून विचारलं, “काकू, ही काळी पोत का?” तिन्ही अर्थ मला आवडतात. पण माझं उत्तर न्यू यॉर्कहून फिरून येतं आणि एका चहात सांगून होत नाही. म्हणून लिहायला बसले.

माझं माहेरचं आडनाव पोतदार. खजिन्यात भरणा व्हायचा तेव्हा आलेलं नाणं खरं की खोटं हे पारखणारा तो पोतदार. शब्द फारसीतून आला. काश्मिरी पंडितांमध्ये तो ‘फोतेदार’ झाला, आपल्याकडे पोतदार. लहानपणी वडील रुपया फरशीवर टाकून त्याचा नाद ऐकवायचे आणि म्हणायचे, आपल्या आडनावाचं काम एवढंच, ऐकायचं आणि खरं ते सांगायचं. भरणा कोणी आणलाय हे पोतदारानं बघायचं नसतं.

काही वर्षांपूर्वी एका साप्ताहिकात मी परीक्षणं लिहीत असे, तेव्हा पूर्ण नावानं. एका व्यावसायिक नाटकाबद्दल लिहिलं की दुसरा अंक कोसळतो आणि तो नटांमुळे नाही, संहितेमुळे. छापून आलं तेव्हा त्या चार ओळी गायब होत्या. त्याच पानावर त्याच नाटकाची जाहिरात होती. कापलेल्या मजकुराखाली माझं नाव मात्र अख्खं होतं. त्या नाटकातल्या एका नटानं फोन करून आभार मानले, तेव्हा मला तोंड लपवावंसं वाटलं. मी तिथलं लिहिणं थांबवलं.

त्याच वर्षी पावसाळ्यात मुलीनं इंटरनेटवर ‘व्हरायटी’चे जुने अंक दाखवले. अमेरिकेतल्या करमणूक धंद्याचं हे पत्र. नाटक, सिनेमा, रेडिओ, कोणाचा खेळ कुठे चालला, किती गल्ला जमला, असं सगळं त्यात. बघायला गेले गंमत म्हणून आणि अडकले ते त्याच्या जन्मकथेत.

सायम सिल्व्हरमन हे त्या पत्राच्या संस्थापकाचं नाव. न्यू यॉर्कच्या ‘मॉर्निंग टेलिग्राफ’मध्ये तो परीक्षणं लिहायचा. १९०५ मध्ये त्यानं एका खेळावर कडक लिहिलं. त्या खेळवाल्यांनी ५० डॉलरची जाहिरात दिलेली होती. सायमची नोकरी गेली. सासऱ्यांकडून उसने पैसे घेऊन त्यानं स्वतःचं साप्ताहिक काढलं. १६ डिसेंबर १९०५ चा पहिला अंक १६ पानांचा होता, किंमत ५ सेंट. त्या अंकात त्यानं सांगून टाकलं की जे छापण्यासारखं असेल ते छापलं जाईल, मग त्यात नाव कोणाचंही येवो आणि जाहिरातीच्या रकान्यात काहीही असो. हे वाचलं तेव्हा माझ्या त्या चार ओळींना शंभर वर्षं वयाचा भाऊ भेटल्यासारखं वाटलं.

पत्राचं नाव ‘व्हरायटी’ कशावरून? तेव्हा तिकडे व्हॉडव्हिलचा जमाना होता. एका तिकिटात आठ-दहा छोटे खेळ: गाणं, नकला, कसरत, जादू, शिकवलेली कुत्री. अशा मिश्र खेळांना व्हरायटी म्हणायचे. म्हणजे नावात तत्त्वज्ञान नव्हतं, थेट धंदाच होता. आमच्या आळीतल्या ‘भांडी भांडार’सारखं सरळ नाव.

आडनावाचा अर्थ मी कोशात शोधला. सिल्व्हरमन, जर्मन आणि यिद्दिशमधल्या ‘झिल्बर’वरून. आपल्याकडच्या चांदीवाला आडनावाचा सख्खा भाऊ. मध्य युरोपातल्या ज्यूंमध्ये पूर्वी माणूस बापाच्या नावानं ओळखला जायचा. १७८७ मध्ये ऑस्ट्रियाचा सम्राट दुसरा जोसेफ यानं कायमचं आडनाव घेणं सक्तीचं केलं, पुढे इतर राज्यांनीही तसे हुकूम काढले, आणि सोनं, चांदी, गुलाब अशा शब्दांवरून कितीतरी आडनावं झाली. कधी धंद्यावरून, कधी नुसती कानाला बरी वाटली म्हणून. सायम हे सायमनचं लहान रूप. मूळ हिब्रू शब्दाचा अर्थ ‘ऐकणं’शी जोडलेला. चांदी आणि ऐकणं! वडिलांनी फरशीवर टाकलेल्या रुपयाचा नाद मला त्या रात्री पुन्हा ऐकू आला. आडनावावरून माणसाचा स्वभाव ठरतो असं मी मानत नाही, पण त्या योगायोगानं माझ्या डोळ्यांत पाणी आलं, हे खरं.

आता सहीकडे येते. ‘व्हरायटी’तली परीक्षणं लहानशा सहीची असत. सायम स्वतः ‘सायम’ एवढंच लिहायचा. पुढच्या पिढ्यांत मॉस्कोविट्झ ‘मॉस्क’ झाला, मर्फी ‘मर्फ’, ट्युबेल ‘ट्यूब’. आडनावाचा एक तुकडा तोडायचा आणि परीक्षणाच्या पायाशी ठेवायचा. मला आधी वाटलं, ही लपण्याची युक्ती असेल. अंकांमागून अंक वाचत गेले तसं उलटं दिसलं. धंद्यातल्या माणसाला सही बघताच कळायचं की हे कोणी लिहिलंय, मागच्या वेळी काय लिहिलं होतं, कोणाला किती तोलायचं. चांदीच्या भांड्याखाली कारागिराचा छोटा शिक्का असतो ना, तसं. अख्खं नाव कोरत नाहीत, पण भांडं खोटं निघालं तर शिक्क्यावरून दुकान सापडतं.

आपल्याकडे टोपणनावांची परंपरा वेगळी आहे. गोविंदाग्रज म्हणजे गोविंदाचा थोरला भाऊ, कुसुमाग्रज म्हणजे कुसुमचा. कवी धाकट्या भावंडाला पुढे करून स्वतः मागे उभा राहतो. किती मायेची गोष्ट आहे ती! कवितेला ती शोभते. परीक्षणाला नाही शोभत, कारण तिथे भावंडांना पुढे करून भागत नाही. आपणच उभं राहावं लागतं.

सिल्व्हरमन घरातलं सर्वांत गोड नाव मात्र सायमच्या मुलाचं. सिडनी. त्याच्या स्पेलिंगमधलं शेवटचं ‘वाय’ अक्षर गाळलेलं असे. घरात त्याला ‘स्किगी’ म्हणत. पहिल्याच अंकात सात वर्षांच्या स्किगीचं परीक्षण आहे आणि जगातला सर्वांत लहान समीक्षक अशी त्याची ओळख करून दिलेली आहे. घरातलं हाक मारायचं नाव थेट छापखान्यात. बापाला मुलाचं कौतुक होतंच, पण मला त्यात आणखी काहीतरी दिसतं. सात वर्षांचं मूल जाहिरातदाराला घाबरत नाही. कंटाळा आला की आला म्हणतं.

या घरानं किंमत मोजली. व्हॉडव्हिलच्या थिएटरांची मोठी साखळी ज्याच्या हातात होती त्या अल्बीनं कलाकारांना ‘व्हरायटी’त जाहिरात द्यायची बंदी केली होती. पत्र तरीही टिकलं. सप्टेंबर १९३३ मध्ये सायमनं हॉलिवूडमधून ‘डेली व्हरायटी’ सुरू केलं आणि त्याच महिन्यात तो गेला. मग पत्र स्किगीकडे, म्हणजे सिडनीकडे आलं, पण क्षयानं त्याला पोखरलं. १९५० मध्ये तोही गेला. नातू सिड तेव्हा अठराच्या आसपास होता. काही वर्षं पालकांनी कारभार बघितला, नंतर सिडनं हाती घेतला आणि १९८७ मध्ये पत्र विकलं. तीन पिढ्या, ब्याऐंशी वर्षं. पत्र अजून निघतं, मालकांचं आडनाव मात्र आता वेगळं आहे.

त्यांच्या भाषेबद्दल सांगितल्याशिवाय मला राहवत नाही. १९२९ मध्ये शेअर बाजार कोसळला तेव्हा ३० ऑक्टोबरच्या अंकाचा मथळा होता की वॉल स्ट्रीटनं अंडं घातलं. रंगमंचावर एखादा खेळ सपशेल पडला की त्याला तिकडे ‘अंडं घालणं’ म्हणत. देशाचं दिवाळं त्यांनी नाटकवाल्यांच्या बोलीत सांगितलं! आपणही म्हणतोच की, नाटक चाललं, नाटक पडलं. ज्यांच्याबद्दल लिहायचं त्यांच्याच बोलीत लिहायचं, हे मी तिथून घेतलं. ‘नाट्यानुभूती’ हा शब्द मी तेव्हापासून एकदाही वापरलेला नाही.

मग मी माझं आडनाव कापलं. लग्नानंतर ते कागदोपत्री बदललेलंच होतं, त्यामुळे माहेरचं नाव तसंही रिकामं पडून होतं. पोतदारमधला पोत घेतला. आणखी एक कारण होतं, तेही सांगते. माझं पूर्ण नाव छापलं की लोक आधी त्यातलं मधलं नाव वाचतात, मग आडनाव, मग जात, मग कोणाच्या कोण, आणि त्यानंतर जागा उरली तर परीक्षण. दोन अक्षरांत वाचायला तेवढं काही सापडत नाही, म्हणून ते नाटकाबद्दलचं वाचतात. मी कोण हे मात्र सांगलीत कोणापासून लपलेलं नाही. सहीखाली माझा फोन नंबर असतो.

मागच्या स्पर्धेत मिरजेच्या एका हौशी संस्थेच्या नाटकाबद्दल मी लिहिलं की दिग्दर्शकानं प्रकाशयोजनेच्या नादात नटांना अंधारात ठेवलंय. दुसऱ्या दिवशी संध्याकाळी बेल वाजली. तोच दिग्दर्शक, हातात कात्रण, सोबत प्रकाशयोजना करणारा मुलगा. “पोतताई, बोलायचंय,” म्हणाला. बसले. पोह्यांची ताटली मध्ये ठेवून आम्ही दोन तास भांडलो. तिसऱ्या प्रवेशाबद्दल माझं चुकलं होतं. तिथला अंधार संहितेत लिहिलेला होता आणि मला तो कळला नव्हता. पुढच्या अंकात तसं लिहून मी खाली सही केली. बाकीच्या प्रवेशांबद्दल आमचं अजून पटलेलं नाही. त्यांनी दोन दिवे वाढवलेत म्हणे. रविवारी पुन्हा प्रयोग आहे, मी चौथ्या रांगेत बसणार आहे.