फ्लूटवाल्या आजोबांची कवळी

मी आयर्लंडमध्ये स्लायगो काउंटीत डेंटिस्ट आहे, म्हणजे खेड्यातच म्हणा ना. कवळीच्या पेशंटचं मागणं बहुतेक एकच असतं, नीट चावता आलं पाहिजे. हे आजोबा मात्र पहिल्याच दिवशी म्हणाले, चावायचं बघू नंतर, आधी मला लो डी लागला पाहिजे.

लो डी म्हणजे फ्लूटचा सगळ्यात खालचा सूर, सहाही भोकं बंद करून काढायचा. इथली फ्लूट लाकडी, आपल्या बासरीसारखी आडवी धरायची. फुंकेला दिशा देतात ओठ, आणि वरच्या ओठाला मागून टेकू असतो पुढच्या दातांचा, ते गेले की ओठ आत बसतो आणि हवा पसरते. कॉलेजात हे असलं कोणी शिकवलं नव्हतं बुवा.

ट्रायलच्या दिवशी, म्हणजे दात अजून मेणातच बसवलेले असतात तेव्हा, आजोबा फ्लूट घेऊनच आले. दोऱ्याने गुंडाळलेले सांधे थुंकी लावून जोडले, वाजवायला गेले तर नुसतं फुस्स. माझ्या हिशोबाने ट्रायल एकदम परफेक्ट होती, चावा बरोबर, बोलणं स्पष्ट, हसताना दिसतायत पण छान. आजोबांनी खिशातून एक जुना फोटो काढला. तरुणपणी लंडनला रस्ते खोदायच्या कामावर होते, दिवसभर खोदकाम आणि रात्री पबमध्ये सेशन, म्हणजे सगळ्यांनी जमून एकत्र वाजवायचं, पैसे नाहीत, फारतर बिअर मिळायची. फोटोत फ्लूट हातात आणि तोंडभर हसू, त्यात पुढचे दोन दात चक्क आत वळलेले दिसत होते! मी मात्र सरळ रांगेत लावले होते, सगळेच लावतात तसे.

मग मेणाची सुरी गरम करून ते दोन दात थोडे थोडे आत घेतले, ओठामागचं मेण पण तासलं. मधेमधे आजोबांच्या गप्पा चालूच. त्यांचे वडील सांगायचे की १९३५ चा कायदा आला आणि लायसन्स नसलेले नाच बंद करायला पाद्री आणि पोलीस घरापर्यंत यायला लागले, तरी लोक स्वयंपाकघरात वाजवायचेच. आणि शेजारच्या लेट्रिम काउंटीचा फ्लूटवाला जॉन मकेना, न्यूयॉर्कला जाऊन फायरमन झालेला, त्याच्या १९२० च्या दशकातल्या तबकड्या ऐकून ऐकून आजोबा फ्लूट शिकले, नोटेशन आजही वाचता येत नाही.

परत ट्रायल तोंडात बसवली आणि एक रील, म्हणजे नाचाची जलद धून, सुरू केली, आणि तो लो डी असा काही करकरीत लागला की ट्रेमधले आरसे थरथरले (बरं, थोडं वाढवून सांगतेय). दार उघडंच होतं, बाहेर बसलेल्या एक बाई तिथूनच ओरडल्या की दुसरा भाग आमच्या गावात असा नाही वाजवत. यावर आजोबा तोंडात मेणाचे दात ठेवून पाच मिनिटं वाद घालत बसले, मी घाबरून, मेण मऊ होतंय ना! शेवटी ट्रायल काढूनच घेतली.

लॅबच्या चिठ्ठीवर मोठ्या अक्षरात लिहिलं, दात वाकडेच ठेवा, सरळ करू नका. फायनल कवळी घ्यायला येताना फ्लूट घेऊन या असं म्हटलं, तर आजोबा म्हणाले, गुरुवारची अपॉइंटमेंट तेवढी देऊ नको, त्या रात्री सेशन असतं आणि त्या बाई तिथे येतात.