तुम्ही विचारलंत म्हणून : मिगेल इन्क्लानच का?

जुन्या मेक्सिकन सिनेमाचा विषय निघाला की मी नायक पेद्रो इन्फान्तेच्या आधी नट मिगेल इन्क्लानचं नाव घेते. मग ठरलेला प्रश्न येतोच, "नायक सोडून त्या खलनायकात काय पाहिलंत तुम्ही?"

एक प्रसंग सांगते. १९४८चा 'नोसोत्रोस लोस पोब्रेस', म्हणजे 'आम्ही गरीब'. मेक्सिको शहरातल्या चाळीची गोष्ट. इन्क्लान त्यात गांजाच्या आहारी गेलेला डॉन पिलार. नायक पेपेच्या खोलीत तो पैसे चोरतो तेव्हा तिथे पेपेची आई असते. ती लुळी, मुकी. हलतात ते फक्त डोळे, आणि त्या डोळ्यांनी सगळं पाहिलेलं असतं. पुढे हा माणूस नशेत त्या बाईसमोर उभा राहून "बघू नकोस माझ्याकडे" म्हणून ओरडतो आणि तिला मारत सुटतो. मला तो प्रसंग अजूनही सलग बघवत नाही. पण मारणाऱ्याच्या चेहऱ्याकडे नीट बघा. तिथे रागापेक्षा भीती जास्त आहे.

दोनच वर्षांनी, १९५० साली, दिग्दर्शक लुईस बुन्युएलनं 'लोस ओल्विदादोस'मध्ये त्याला आंधळा केला. डॉन कार्मेलो, रस्त्यावर वाद्यं वाजवून पोट भरणारा. टोळीतली पोरं त्याला दगडांनी मारतात, ढोल फोडतात, आणि चिखलात पडलेल्या म्हाताऱ्यासमोर एक काळी कोंबडी येऊन उभी राहते. तुम्ही हळहळता. मग हाच म्हातारा टाकून दिलेल्या पोराला राबवून घेतो, कोवळ्या मुलीला जवळ ओढतो, आणि शेवटी टोळीतल्या एका पोरावर पोलिसांची गोळी चालल्यावर "एक कमी झाला!" म्हणून आनंदानं ओरडतो. आपली कणव परत घेता येत नाही आणि तशीच ठेवताही येत नाही. नायकाच्या वाट्याला असलं काम कधी आलं असतं?

१९४८ सालीच हॉलिवूडच्या जॉन फोर्डनं 'फोर्ट अपाचे'त त्याला अमेरिकेतल्या मूळ अपाचे जमातीचा सरदार कोचीज केलं होतं. कोचीज तिथे स्पॅनिशमध्ये बोलतो आणि दुभाष्या आहे पेद्रो आर्मेन्दारिझ. हाच आर्मेन्दारिझ 'मारिया कान्देलारिया'त नायक होता आणि इन्क्लान त्याचा वैरी, सोचिमिल्कोचा दुकानदार डॉन दामियान. सरकारनं गावासाठी पाठवलेलं क्विनाईन दुकानात पडून असतं आणि तापानं फणफणलेल्या मारियाला तो ते देत नाही. उधारी हे निमित्त. ती आपल्याला वश होत नाही, हा खरा सल.

त्या दामियानला उभं करणारा दिग्दर्शक एमिलिओ फेर्नांदेझ. त्यानंच १९४९च्या 'सालोन मेहिको'साठी पुन्हा इन्क्लानला बोलावलं, ते साध्या पोलीस शिपायाच्या कामासाठी. धाकट्या बहिणीच्या शाळेसाठी नाचघरात रात्री काढणाऱ्या मेर्सेदेसवर या शिपायाचा, लुपेचा, जीव आहे. ती काय करते हे सगळं ठाऊक असताना तो तिला लग्नाचं विचारतो. ती मनानं आपल्यापेक्षा मोठी आहे, या भावनेनं विचारतो. तेच जड जबडे, तेच खोल गेलेले डोळे. फक्त आवाज खाली आलेला, आणि नजर तिच्या चेहऱ्यावर ठरत नाही.

कुठून सुरुवात करू म्हणाल, तर आधी दामियान बघा आणि दुसऱ्या दिवशी लुपे.