सी ड्राइव्हवरून डी ड्राइव्हवर: स्कायरिमच्या मॉड-फोल्डरांच्या स्थलांतराचा वृत्तांत

‘स्कायरिम स्पेशल एडिशन’ हा संगणकावरचा खेळ २०१६ च्या ऑक्टोबरमध्ये आला तेव्हा त्यासाठी डिस्कवर १२ जीबी जागा लागेल, असे त्याच्या किमान आवश्यकतांमध्ये नमूद केलेले होते. आज हा खेळ मॉड (म्हणजे चाहत्यांनी तयार केलेली भर किंवा बदल) घालून खेळणाऱ्या बहुतेकांच्या संगणकावर मूळ खेळापेक्षा मॉडचाच पसारा कितीतरी मोठा असतो. व्होर्टेक्स हा मॉड मॅनेजर, म्हणजे मॉड उतरवून बसवणारा प्रोग्रॅम, जुन्या काळापासून वापरत असणाऱ्यांचा हा सारा पसारा, मुद्दाम वेगळी जागा नेमून दिलेली नसेल तर, विंडोजच्या सी ड्राइव्हवर ‘ॲपडेटा’ फोल्डरच्या ‘रोमिंग’ या भागात साचत जातो. ‘ॲपडेटा’ मुळात लपवलेला फोल्डर असल्यामुळे सी ड्राइव्ह का भरला, याचा उलगडा लवकर होत नाही. माझ्या सी ड्राइव्हवर विंडोजच्या अपडेटपुरतीही जागा उरली नाही तेव्हा मी डी ड्राइव्ह म्हणून नवी एसएसडी बसवली आणि खेळ, मॉड व डाउनलोड अशा तिन्ही गोष्टी तिकडे हलवल्या. त्या स्थलांतराचा हा वृत्तांत असून ज्यांना याच वाटेने जायचे आहे त्यांच्यासाठी सूचनाही जागोजागी दिल्या आहेत.

काय हलवायचे, हे ठरवण्यापूर्वी व्होर्टेक्सची कार्यपद्धती समजून घेतली पाहिजे. उतरवून घेतलेली मॉडची मूळ संकुचित फाइल ‘डाउनलोड’ फोल्डरमध्ये राहते, तर ती उलगडल्यावर निघालेल्या फाइली ‘स्टेजिंग’ फोल्डरमध्ये जातात. म्हणजे एकच मॉड डिस्कवर दोन ठिकाणी जागा अडवते. ‘डिप्लॉय’ केल्यावर स्टेजिंगमधल्या फाइली खेळाच्या ‘डेटा’ फोल्डरमध्ये दिसू लागतात. परंतु त्या तेथे नव्याने उतरवल्या जात नाहीत, त्यांच्या हार्डलिंक तयार होतात. हार्डलिंक म्हणजे डिस्कवरच्या त्याच मजकुराला दिलेले दुसरे नाव होय, आणि म्हणून तिसऱ्यांदा जागा खर्च होत नाही. विंडोजचा एक्सप्लोरर मात्र दोन्ही फोल्डरांचा आकार मोजताना त्याच फाइली दोनदा धरतो. तेव्हा खेळाच्या फोल्डरचा आकार पाहून घाबरून तेथील फाइली हाताने काढायला जाऊ नये. स्टेजिंगमध्ये त्याच फाइलीचे दुसरे नाव शिल्लक असल्याने त्यातून जागा मोकळी होतच नाही.

हार्डलिंकला एक बंधन आहे आणि या प्रवासाचा मार्ग त्यावरूनच ठरतो. ज्या फाइलीची लिंक करायची ती फाइल आणि ती लिंक एकाच विभाजनावर (पार्टिशनवर) असावी लागतात. एकाच भौतिक डिस्कचे सी आणि डी असे दोन भाग केलेले असले तरी ते या कामापुरते परकेच ठरतात. शिवाय त्या भागाची मांडणी एनटीएफएस पद्धतीची असावी लागते. बाहेरून जोडायच्या पुष्कळशा डिस्क एक्सफॅट पद्धतीच्या असतात आणि त्यांवर हार्डलिंक तयारच होत नाही. यावरून निघणारा नियम असा की खेळ आणि स्टेजिंग फोल्डर ही जोडी फोडता येत नाही. न्यायची तर दोघांनाही बरोबर न्यावी. डाउनलोड फोल्डर या बंधनातून मुक्त असून तो जुन्या, फिरत्या तबकडीच्या हार्ड डिस्कवर ठेवला तरी खेळाच्या वेगात काही फरक पडत नाही. ज्यांना फक्त थोडी जागा मोकळी करून हवी आहे त्यांनी एवढा एकच फोल्डर हलवून थांबावे, असे माझे मत आहे. सेटिंग्जमधील ‘डाउनलोड’ या पानावर नवा पत्ता देऊन ‘अप्लाय’ केले की व्होर्टेक्स स्वतःच त्या फाइली नेऊन पोहोचवतो.

मी जोडीसकट सर्व हलवायचे ठरवले होते, त्यामुळे निघण्यापूर्वीची तयारी अधिक होती. खेळाचे सेव्ह ‘डॉक्युमेंट्स’मधील ‘माय गेम्स’ या फोल्डरमध्ये असतात आणि प्लगइनांच्या (मॉडमधल्या, खेळ थेट वाचतो त्या मुख्य फाइलींच्या) क्रमाची यादी ‘ॲपडेटा’च्या ‘लोकल’ भागात असते. खेळ दुसऱ्या ड्राइव्हवर गेला तरी या दोन्ही गोष्टी आपल्या जागी राहतात, तरीही त्यांची प्रत मी आधी वेगळ्या डिस्कवर काढून ठेवली. त्याहून महत्त्वाची प्रत व्होर्टेक्सच्या स्वतःच्या नोंदींची होती. ‘रोमिंग’मधील व्होर्टेक्सच्या फोल्डरमध्ये ‘स्टेट’ नावाने सुरू होणारा जो उपफोल्डर असतो, त्यात कोणते मॉड बसवलेले आहेत, कोणत्या प्रोफाइलमध्ये (चालू मॉडांच्या जतन केलेल्या संचात) कोणते चालू आहेत आणि परस्परविरोधी मॉडांपैकी कोणाला अग्रक्रम आहे, ही सारी माहिती साठवलेली असते. मॉड पुन्हा उतरवता येतात. महिनोन्महिने बसवलेली ही घडी मात्र पुन्हा बसवणे फार कष्टाचे असते. ही प्रत व्होर्टेक्स पूर्ण बंद केल्यावरच काढावी, कारण तो चालू असताना त्या फाइली बदलत असतात.

नव्या जागेचा पत्ताही आधीच ठरवून ठेवावा. स्टेजिंग फोल्डर खेळाच्या फोल्डरच्या आत ठेवता येत नाही आणि व्होर्टेक्सच्या स्थापनेच्या फोल्डरमध्येही ठेवता येत नाही. ‘प्रोग्रॅम फाइल्स’मध्ये विंडोजच्या परवानग्या आड येतात, तर वनड्राइव्हशी जोडलेल्या फोल्डरमध्ये हजारो फाइली विनाकारण क्लाउडकडे धावू लागतात, त्यामुळे ही दोन्ही ठिकाणे टाळावीत. विंडोजमध्ये फाइलीच्या संपूर्ण पत्त्याला परंपरेने २६० अक्षरांची मर्यादा आहे आणि मॉडांची नावे लांबलचक असतात, तेव्हा डी ड्राइव्हच्या मुळाशीच एखादे आटोपशीर नाव दिलेला फोल्डर सर्वांत सोयीचा. व्होर्टेक्सच्या पत्त्यात महिरपी कंसात इंग्रजीतला ‘गेम’ हा शब्द लिहिण्याची सोय आहे. तसे केल्यास प्रत्येक खेळाचा उपफोल्डर आपोआप वेगळा राहतो. पुढेमागे दुसऱ्या खेळाचेही मॉड घालायचे असतील तर ही सवय उपयोगी पडते, कारण स्टेजिंगचा पत्ता प्रत्येक खेळासाठी स्वतंत्रपणे द्यावा लागतो.

प्रत्यक्ष हलवाहलवीचा आरंभ मी ‘पर्ज’ने केला. ‘पर्ज’ म्हणजे व्होर्टेक्सने खेळाच्या फोल्डरमध्ये टाकलेल्या सर्व लिंक काढून घेणे. मॉड त्यामुळे नष्ट होत नाहीत, ते स्टेजिंगमध्ये सुरक्षित असतात. ही पायरी गाळून खेळ दुसऱ्या ड्राइव्हवर नेल्यास हार्डलिंकांचे नाते तुटते, मॉडच्या ज्या फाइली खेळाबरोबर जातात त्या तेथे स्वतंत्र फाइली होऊन बसतात आणि नंतर व्होर्टेक्सला आपल्या कोणत्या व परक्या कोणत्या हे ओळखणे अवघड होते. पर्ज झाल्यावर ‘डेटा’ फोल्डर उघडून पाहिले, तर मूळ खेळाच्या फाइलींखेरीज काही फाइली तेथे शिल्लक होत्या. नेमेसिस (पात्रांच्या हालचालींसाठी), बॉडीस्लाइड (पात्रांच्या शरीराच्या ठेवणीसाठी) यांसारखी साधने स्वतः फाइली तयार करून थेट त्या फोल्डरमध्ये टाकतात आणि त्या व्होर्टेक्सच्या यादीत नसल्यामुळे पर्जमध्ये जात नाहीत. त्या मी बाजूला काढल्या. नव्या जागी ती साधने पुन्हा चालवून तशा फाइली नव्याने करून घेणे हेच अधिक स्वच्छ काम आहे.

यानंतर व्होर्टेक्स बंद करून मी स्टीमकडे, म्हणजे खेळ ज्यातून विकत घेऊन बसवला जातो त्या प्रोग्रॅमकडे, वळलो. स्टीमच्या सेटिंग्जमधील ‘स्टोरेज’ या पानावर प्रथम डी ड्राइव्हची नोंद करावी लागते. मग खेळाच्या ‘प्रॉपर्टीज’मध्ये ‘इन्स्टॉल्ड फाइल्स’ या भागात खेळ हलवण्याचे बटण मिळते. पर्जनंतर उरलेला खेळ आटोपशीर असल्यामुळे हे काम फारसे लांबले नाही. त्यापुढची पायरी क्षुल्लक वाटते, पण ती वगळल्याने पुष्कळांची फसगत होते. खेळाचा मूळ लाँचर एकदा उघडून बंद करावा. स्कायरिम आपल्या स्थापनेचा पत्ता विंडोजच्या रजिस्ट्रीत (सेटिंग्जच्या नोंदवहीत) लिहून ठेवतो आणि प्लगइन तपासण्या-बदलण्याच्या एसएसईएडिटसारखी साधने तो पत्ता तेथूनच वाचतात. लाँचर उघडल्याने तो पत्ता नवा होतो. नाहीतर ही साधने रिकाम्या झालेल्या जुन्या फोल्डरमध्ये खेळ शोधत राहतात.

मग व्होर्टेक्स पुन्हा उघडला. स्टीमवरचा खेळ नव्या जागी त्याला सहसा स्वतःहून सापडतो. न सापडल्यास ‘गेम्स’ या पानावर खेळाच्या चित्राशी असलेल्या मेनूतून जागा हाताने नेमून देता येते. या टप्प्यावर हार्डलिंक करता येत नसल्याची सूचना येते आणि ती येणेच योग्य आहे, कारण खेळ डी ड्राइव्हवर पोहोचलेला असून स्टेजिंग अजून सी ड्राइव्हवरच असते. घाईने दुसरी डिप्लॉय-पद्धत निवडून ही सूचना गप्प करण्याचा मोह टाळावा. सेटिंग्जमधील ‘मॉड्स’ या पानावर स्टेजिंगच्या पत्त्याशेजारी ‘सजेस्ट’ असे बटण आहे. ते दाबले की व्होर्टेक्स खेळाच्याच ड्राइव्हवरची एखादी जागा सुचवतो. मी माझा ठरवलेला पत्ता लिहिला, ‘अप्लाय’ दाबले आणि वाट पाहत बसलो.

सर्वांत अधिक वेळ येथेच जातो. मॉड म्हणजे टेक्स्चर (पृष्ठभागांची चित्रे), मेश (त्रिमितीय आकार) आणि स्क्रिप्ट यांच्या असंख्य लहान फाइली असतात आणि अशा फाइली हलवण्यास तितक्याच आकाराच्या एका मोठ्या फाइलीपेक्षा कितीतरी अधिक वेळ लागतो. पुढे सरकणारी पट्टी मधेच थबकली म्हणून टास्क मॅनेजरमधून व्होर्टेक्स बंद पाडू नये; अर्ध्या फाइली इकडे आणि अर्ध्या तिकडे, ही अवस्था निस्तरणे फार जड जाते. दोन ड्राइव्हांमध्ये हलवणे म्हणजे वस्तुतः प्रत काढून मूळ फाइल पुसणे असल्याने नव्या ड्राइव्हवर संपूर्ण स्टेजिंग मावेल एवढी जागा आधीच मोकळी असावी लागते. आपल्याकडे वीज कधी जाईल याचा भरवसा नसतो, तेव्हा मेजावरच्या संगणकाला यूपीएस असल्याशिवाय हे काम पावसाळी संध्याकाळी काढू नये. लॅपटॉप असल्यास तो चार्जरला जोडावा आणि त्याची स्लीपची वेळ बंद करावी.

स्टेजिंग पोहोचल्यावर डिप्लॉयची पद्धत हार्डलिंकच आहे याची खात्री करून मी ‘डिप्लॉय’ दाबले. खेळाच्या फोल्डरमधील फाइली बाहेरून बदलल्या असल्याची चौकट यावेळी उघडू शकते. प्रत्येक फाइलीसाठी बदल जपायचा की स्टेजिंगमधील फाइल पुन्हा आणायची, असा पर्याय त्यात असतो. आधी पर्ज केलेले असेल तर ही यादी रिकामी किंवा अगदी छोटी असते. ती शेकडो ओळींची निघाल्यास सरसकट होकार देण्यापूर्वी कोणती पायरी गळाली हे शोधावे. विशेषतः फाइल पुसल्याचा बदल जपला, तर ती स्टेजिंगमधूनही जाते. त्यानंतर व्होर्टेक्सच्या डॅशबोर्डवरील साधनांचे पत्ते तपासावेत. खेळाच्या फोल्डरमध्ये राहणाऱ्या एसकेएसईच्या (पुष्कळ मॉडांना लागणाऱ्या ‘स्कायरिम स्क्रिप्ट एक्स्टेंडर’च्या) लोडरचा पत्ता बदललेला असतो, आणि बॉडीस्लाइड व दूरची दृश्ये तयार करणारे डिनडीओएलओडी यांच्या स्वतःच्या सेटिंग्जमध्येही जुना पत्ता शिल्लक असू शकतो. शेवटी एसकेएसईद्वारे खेळ सुरू करून एखादा जुना सेव्ह उघडावा. मॉड गहाळ असल्याची सूचना आली, तर त्या सेव्हवर पुन्हा सेव्ह न करता बाहेर पडावे.

स्टेजिंग फोल्डर एक्सप्लोररमधून कापून दुसरीकडे चिकटवण्याचा जवळचा मार्ग अनेकजण धरतात. तसे केल्यावर व्होर्टेक्स उघडताच स्टेजिंग फोल्डर गहाळ असल्याचे सांगतो आणि बाहेर पडणे, नव्याने आरंभ करणे किंवा फोल्डर दाखवणे असे पर्याय देतो. यांतला नव्याने आरंभ करण्याचा पर्याय ‘रिइनिशियलाइझ’ या नावाने येतो; तो निवडला की रिकामा स्टेजिंग फोल्डर तयार होतो आणि मॉडांची सारी व्यवस्था व्होर्टेक्सच्या लेखी संपते. कोणी या चौकटीसमोर अडकलेच, तर ‘ब्राउझ’ निवडून हलवलेला फोल्डर दाखवावा. व्होर्टेक्सने ओळखीसाठी टाकलेली एक खुणेची फाइल त्या फोल्डरमध्ये असते, ती हाताने पुसू नये. नवीन डिस्क जोडल्यामुळे ड्राइव्हचे केवळ अक्षर बदलले असेल, तर विंडोजच्या डिस्क मॅनेजमेंटमधून जुने अक्षर परत देणे हा सर्वांत सोपा उपाय आहे.

मॉड ऑर्गनायझर २ हा दुसरा मॉड मॅनेजर वापरणाऱ्यांचा रस्ता मात्र नेमका उलटा आहे. तो मॅनेजर खेळाच्या फोल्डरमध्ये काहीच टाकत नाही; खेळ चालू असतानाच तो आभासी फाइल-व्यवस्था उभी करतो, त्यामुळे खेळ आणि मॉड वेगवेगळ्या ड्राइव्हवर असले तरी बिघडत नाही. परंतु त्याच्या सेटिंग्जमधील ‘पाथ्स’ या पानावर नवा पत्ता दिल्याने फाइली हलत नाहीत. त्या आपणच आधी नेऊन ठेवायच्या आणि मग पत्ता बदलायचा, हा क्रम पाळावा लागतो. नव्या जागी जे मॉड सापडत नाहीत ते सर्व प्रोफाइलांमध्ये निष्क्रिय होतात, म्हणून ‘प्रोफाइल्स’ फोल्डरची प्रत आधी काढणे अनिवार्य समजावे. पोर्टेबल पद्धतीने बसवलेला असल्यास संपूर्ण फोल्डर उचलून नेता येतो. मात्र खेळही हलला असेल तर त्याचा आणि साधनांचा पत्ता पुन्हा द्यावा लागतो.

सी ड्राइव्हवरील सफाई मी सर्वांत शेवटी, खेळ नव्या जागी नीट चालतो याची खात्री पटल्यावर केली. रिकामे झालेले स्टेजिंग आणि डाउनलोडचे जुने फोल्डर काढण्यास हरकत नसते. ‘रोमिंग’मधील व्होर्टेक्सचा मुख्य फोल्डर मात्र तसाच राहू द्यावा, कारण नोंदींचा ‘स्टेट’ फोल्डर या संपूर्ण स्थलांतरानंतरही तेथेच असतो. ज्यांनी सेटिंग्जमध्ये सर्व वापरकर्त्यांसाठी सामायिक पद्धत निवडलेली आहे त्यांच्या संगणकावर तो ‘प्रोग्रॅमडेटा’मध्ये सापडेल.