सगळेच एक जूनचे

"भाऊसाहेब, आमच्या घरात आई, दोन्ही काका, आत्या, सगळ्यांची जन्मतारीख एक जून कशी?" जून महिना आला की आमच्या ऑफिसच्या खिडकीत हा प्रश्न येतोच. अक्कलकोट तालुक्यातल्या हायस्कुलात मी लिपिक आहे. जनरल रजिस्टर, म्हणजे दाखल झालेल्या पोरांच्या नोंदींचं बुक, माझ्या ताब्यात, त्यामुळे या साऱ्या पोरांना एका दिवशी मीच जन्माला घातल्यासारखं लोक बघतात. तुम्ही विचारलंत म्हणून एकदा नीट सांगतो.

बाळंतपणं घरी व्हायची. गावात कोतवाल बुकात नोंद झाली तर झाली. आईला विचारलं तर ती तारीख सांगायची नाही, खूण सांगायची. कुणी म्हणे, सुकडी वाटत होते तेव्हाचा, म्हणजे लोकांना खायला सुकडी वाटली तो 1972 चा दुष्काळ. कुणी म्हणे, गड्ड्याच्या अक्षतेदिवशी झाली, म्हणजे सोलापूरच्या सिद्धेश्वराच्या जत्रेतल्या अक्षता, मधला जानेवारी. पण कुठल्या सालचा गड्डा? तिथं गाडी अडायची. मग प्राथमिक शाळेचे गुरुजी पोराला म्हणायचे, डोक्यावरून हात घे आणि पलीकडचा कान धर. हात पोचला की पोरगं पहिलीच्या वयाचं. शाळा जूनमध्ये उघडते, तर जूनच्या एक तारखेला सहा पूर्ण धरायचे आणि मागे मोजायचं. 1978 ला दाखल झाला, लिही 1 जून 1972. सुकडीवालीचं गणित इथं नशिबानं जुळलं, इतरांचं जुळलंच असेल असं नाही.

लोक याला गुरुजींचा आळस म्हणतात. मला ते पटत नाही. तारीख नाही म्हणून पोरगं परत पाठवलं असतं तर ते पुढच्या वर्षी आलंच नसतं, शेरडांमागं गेलं असतं. आमच्या रजिस्टरला दोन सख्खे भाऊ आहेत, दोघेही 1 जून 1971. थोरला दोन वर्षं शेरडं राखत होता, मग धाकट्याबरोबर एकाच दिवशी त्याचंही नाव घातलं. परवा धाकटा पासपोर्टसाठी उतारा न्यायला आला. म्हणाला, "सगळे विचारतात, जुळे का? आता मी हो म्हणतो."

हायस्कुलात आम्ही अंदाज करत नाही. मागच्या शाळेच्या दाखल्यावरून उतरवून घेतो, आकड्यात आणि अक्षरी. त्याच ओळीत मातृभाषा असते. आमच्याकडं त्या रकान्यात मराठीखाली कन्नड, कन्नडखाली उर्दू, मधेच तेलुगू असं येतं, पण शेजारच्या रकान्यात सगळ्यांची तारीख एक! दहावीचे फॉर्म भरले की बोर्डाची प्री-लिस्ट, म्हणजे तपासायची कच्ची यादी, येते. ती मी वर्गात जाऊन मोठ्यानं वाचतो, कारण शाळा सोडल्यावर तारीख बदलत नाही. लिहिताना झालेली उघड चूक असेल आणि पुरावा असेल तरच शिक्षणाधिकाऱ्यांकडं प्रस्ताव जातो. "खरी तारीख पत्रिकेत आहे" हे तिथं चालत नाही. लग्न पत्रिकेवरच्या तारखेनं, नोकरी दाखल्यावरच्या.

आणि नोकरीत तर आणखी गंमत. एक तारखेला जन्मलेला माणूस आदल्या महिन्याच्या अखेरीला निवृत्त होतो. म्हणून 31 मेला आमच्या भागात निरोप समारंभांची इतकी गर्दी असते की हार मिळायची मारामार. (एसटीचाही वाढदिवस एक जूनलाच, 1948 चा. तिची तारीख तेवढी खरी आहे.)

आता नव्या रजिस्टरात असं दिसत नाही. दवाखान्यातली बाळंतपणं, जन्मदाखले, तारखा बाराही महिन्यांत विखुरलेल्या. एक जूनचं पोरगं आलं की मीच दाखला उलटून बघतो.

माझी स्वतःची? 1 जून 1968. आई सांगायची, नरक चतुर्दशीच्या पहाटे झालास, अंघोळीचं पाणी चुलीवर होतं आणि शाळू गुडघ्याएवढा होता. साल विचारलं की म्हणायची, "शाळू बरा आला होता त्या साली." ती दिवाळी 1968 ची असेल तर मी पाच महिने आधीच घरी चाललोय. 1967 ची असेल तर सरकारनं मला सात महिने जास्त पगार दिला. आई गेली, आता विचारायला कुणी नाही. 31 मे 2026 च्या निवृत्तीचे कागद भरताना जन्मतारीख अक्षरी लिहायची होती. हात जरासुद्धा अडला नाही: एक जून एकोणीसशे अडुसष्ट.